शिकारीचा परवाना : मुंबई इलाखा आणि महाराष्ट्र, १८७८ ते १९९१

दिनांक २ ऑक्टोबर १९९१ रोजी वन्य जीव (संरक्षण) अधिनियमातील दुरुस्ती अंमलात आली आणि भारतात शिकारीचा परवाना मागण्याची सोयच संपुष्टात आली. मूळ अधिनियमाच्या नवव्या कलमात परवान्याचा अर्ज, त्याचे शुल्क व त्याचे प्रकार यांची तरतूद होती. ती काढून टाकून तेथे बंदीचे एक वाक्य घालण्यात आले. ही घटना संरक्षणाच्या इतिहासातील एक टप्पा म्हणून सांगितली जाते व ते योग्यच आहे. परंतु त्या दिवशी जो कागद रद्द झाला त्याचे वय शंभर वर्षांहून अधिक होते, आणि त्या शंभर वर्षांत त्याने केवळ जनावरांची गणती केली असे नव्हे. कोणत्या माणसाने कोणत्या हत्याराने मारलेल्या जनावराला शिकार म्हणावयाचे आणि कोणत्या माणसाने मारलेल्या जनावराला चोरी म्हणावयाचे, हे या कागदाने ठरविले. त्याची ही बाजू सहसा विचारात घेतली जात नाही.

राजसत्तेने शिकारीवर बंधन घालणे ही गोष्ट या देशाला नवी नव्हती. कौटिलीय अर्थशास्त्रात सूनाध्यक्षाच्या प्रकरणात अभय दिलेल्या मृगांना, पक्ष्यांना व माशांना पकडणाऱ्यास किंवा मारणाऱ्यास उत्तम दंड सांगितला आहे. अपराधी कुटुंबवत्सल गृहस्थ असेल तर तोच दंड मध्यम होतो. ज्यांचा वध रूढ आहे व जी राखलेली नाहीत अशा जनावरांचा सहावा भाग राजाने घ्यावा, असेही तेथे म्हटले आहे. कल्याणीच्या चालुक्यांपैकी तिसऱ्या सोमेश्वराच्या मानसोल्लासात मृगया हा राजाच्या विनोदांपैकी एक म्हणून वर्णिलेला आहे. या सर्व व्यवस्थेत राखीव रान आहे, दंड आहे, करही आहे. मात्र अमुक इसमास अमुक काळापर्यंत अमुक जनावर मारण्याची मुभा आहे, असे व्यक्तीच्या नावाने लिहून दिलेले अधिकारपत्र नाही. राखलेल्या रानाबाहेर पारधी, भिल्ल, कातकरी, गोंड हे आपापल्या परीने शिकार करीतच होते, आणि ती त्यांची वहिवाट होती. कंपनीच्या अमदानीतही आरंभी हीच स्थिती राहिली. खानदेशात १८२५ साली भिल्ल पलटण उभारणाऱ्या जेम्स औट्रमने वाघांच्या शिकारीतूनच भिल्लांचा विश्वास संपादन केला, हे प्रसिद्ध आहे. त्या काळी सरकारची दृष्टी वाघ मारणारास बक्षीस देण्याकडे होती. त्याच्याकडून अर्ज घेण्याचे कारण नव्हते.

हे चित्र १८७८ साली पालटले. लॉर्ड लिटनच्या कारकीर्दीतील त्या एका वर्षात सातवा, नववा व अकरावा असे तीन अधिनियम झाले. सातवा जंगलांचा, नववा देशी भाषांतील वृत्तपत्रांचा आणि अकरावा हत्यारांचा. यांपैकी वृत्तपत्रांचा कायदा सर्वांत अधिक गाजला आणि सर्वांत लवकर, म्हणजे १८८२ साली, रद्द झाला. राहिलेल्या दोहोंचा संसार दीर्घ ठरला. जंगलाचा कायदा १९२७ साली नव्या रूपाने पुन्हा मांडण्यात आला व त्या रूपात तो अद्याप चालू आहे. हत्यारांच्या कायद्याची जागा १९५९ च्या अधिनियमाने घेतली. शिकारीच्या परवान्याचा उगम या दोन कायद्यांच्या संगमात आहे. मुंबई इलाख्यात शिकारीस निघणाऱ्या माणसाला दीर्घकाळपर्यंत 'शिकारीचा परवाना' म्हणून एकच कागद मिळत नसे. बंदुकीचा कागद कलेक्टराच्या कचेरीतून घ्यावा लागे, रानाचा कागद जंगल खात्याकडून, आणि हंगाम कोणता हे सरकारी गॅझेटावरून पाहावे लागे.

बंदुकीचा कागद हा पहिला अडसर होता. १८७८ च्या कायद्यातील 'हत्यार' या शब्दाच्या व्याख्येत बंदूक, संगीन, तलवार, खंजीर, भाला यांच्याबरोबर धनुष्यबाणही येतो. ही व्याख्या सर्वत्र सारख्याच कडकपणे अंमलात आली नाही. तरी ज्या राज्यकर्त्याला भिल्लाचा तीरकामठाही कायद्याच्या शब्दात गोवावासा वाटला, त्याच्या मनातील भीती कशाची होती हे त्यावरून कळते. १८५७ ला तेव्हा जेमतेम एकवीस वर्षे झाली होती. कायद्याखालील नियमांनी युरोपियनांना सूट दिली. हिंदी माणसाला मात्र परवाना घेणे भाग पडले. हा भेद राष्ट्रसभेला आरंभापासून खुपत होता आणि १८८७ च्या मद्रास अधिवेशनापासून त्याविरुद्ध ठराव होत आले. वंशावर आधारलेली ही सूट नियमांतून जाण्यास १९२० साल उजाडावे लागले.

परवान्याच्या नमुन्यांत त्याची कारणे छापलेली असत. सर्वसाधारण परवाना शिकार, संरक्षण आणि प्रदर्शन या तीन हेतूंसाठी होता. प्रदर्शन म्हणजे मिरवणे, दाराशी हत्यारी माणूस उभा करणे. त्याखेरीज माणसांना व गुरांना उपद्रव देणाऱ्या जनावरांच्या नाशासाठी आणि पिकांच्या राखणीसाठी वेगळे परवाने होते. वरवर पाहता ही कारकुनी वर्गवारी दिसते, पण तिच्यात समाजाची उतरंड स्पष्ट उमटलेली आहे. इनामदार, वकील, पेढीवाला किंवा हुद्देदार पहिल्या प्रकारचा अर्ज करी. कुणबी दुसऱ्या प्रकारचा. एकाची बंदूक काडतुसाची, दुसऱ्याची ठासणीची. दोघांनीही एकच रानडुक्कर मारले तरी एकाने शिकार केली आणि दुसऱ्याने पीक राखले, असेच कागदोपत्री होई. पारध्याने अर्ज कोणत्या सदराखाली करावा, याचे उत्तर त्या नमुन्यांत नव्हते.

दुसरा कागद रानाचा. जंगलाच्या कायद्याने राखीव जंगलात नियमांविरुद्ध शिकार करणे, गोळी घालणे, मासे मारणे, फासे अथवा सापळे लावणे हे गुन्हे ठरविले आणि त्यांस सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा पाचशे रुपयांपर्यंत दंड, अथवा दोन्ही, अशी शिक्षा ठेवली. याच कायद्यात 'जंगलाचे उत्पन्न' या संज्ञेखाली लाकूड, लाख, डिंक, मध यांच्याच ओळीत जनावरांची कातडी, शिंगे, हाडे व सुळे यांचा समावेश आहे. लोकांच्या समजुतीने रानातले जनावर कोणाचेच नव्हते. ज्याने ते धरले त्याचे ते झाले. कायद्याने त्याचे कातडे सागाच्या ओंडक्याप्रमाणे सरकारजमा मालात घातले. हा बदल एका व्याख्येतून, जवळजवळ न बोलता, झाला.

राखीव जंगलात शिकार करण्याची मुभा मिळविण्याची रीत हळूहळू ठरत गेली. तिचे सर्वांत व्यवस्थित रूप मध्य प्रांतात दिसते, आणि त्या प्रांतातील चांदा जिल्हा व वऱ्हाडातील मेळघाट आज महाराष्ट्रात असल्यामुळे त्याचा विचार येथे अवश्य आहे. तेथे जंगलाचे शिकारीसाठी गट पाडलेले असत. शिकाऱ्याने विभागीय वनाधिकाऱ्याकडे अर्ज करून गटाचे नाव व तारखा कळवावयाच्या. गट मोकळा असेल तर तो त्याच्या नावे ठराविक दिवस राखून ठेवला जाई. परवान्यात कोणत्या जातीची किती जनावरे मारता येतील हे लिहिलेले असे. सांबर, चितळ, गवा यांना मर्यादा असे. काही गट पूर्ण बंद ठेवले जात. या पद्धतीमागे हिशेब पक्का होता. जंगल म्हणजे भांडवल आणि मारलेली जनावरे म्हणजे त्याचे व्याज, ही वनशास्त्रातील लाकूडतोडीची कल्पनाच येथे शिकारीला लावलेली आहे. तिचा काही उपयोगही झाला, हे नाकारण्याचे कारण नाही. जेथे गटांचे नियम नीट पाळले गेले तेथे गवा व सांबर टिकले. मध्य प्रांताने १९३५ साली शिकारीचा स्वतंत्र कायदा केला, आणि ताडोबाच्या जंगलात त्याच वर्षापासून शिकार बंद झाली. तेथे १९५५ साली राष्ट्रीय उद्यान होऊ शकले, त्यामागे हे वीस वर्षांचे संरक्षण आहे.

मात्र गट मिळाला म्हणजे शिकार झाली असे नव्हे. मचाण बांधण्यास, आमिषाला हेला बांधण्यास, माग काढण्यास आणि हाका घालण्यास माणसे लागत, आणि ती जवळच्या गोंड, कोरकू किंवा भिल्ल पाड्यांतूनच येत. गोऱ्या अधिकाऱ्याच्या किंवा संस्थानिकाच्या शिकारीत हे काम पुष्कळदा वेठीने होई. ज्याला रान ठाऊक, माग ठाऊक, जनावराची पाण्यावर येण्याची वेळ ठाऊक, त्याचे नाव परवान्यावर कोठेच नसे. तोच मनुष्य दुसऱ्या दिवशी त्याच रानात सशासाठी फासा लावताना सापडला तर त्याच्यावर खटला होई, किंवा रेंजरशी तडजोड करून त्याला दंड भरावा लागे. अशा तडजोडीची कमाल रक्कम कायद्याने पन्नास रुपये ठेवली होती. पाड्यावरच्या माणसाला ती वर्षाची कमाई वाटली तर नवल नाही.

या व्यवस्थेचा सर्वांत कडू घोट फासेपारध्यांच्या वाट्याला आला. त्यांची विद्या बंदुकीची नव्हतीच. माणसाळविलेल्या बैलाच्या आडोशाने काळविटांच्या कळपाजवळ सरकत जाणे, वाटेवर फाशांची माळ मांडणे, सशांसाठी वाघूर लावणे, तितर व लावे जिवंत पकडून बाजारात विकणे, ही त्यांची पिढीजात कला. त्यांच्यातील चित्तेपारधी चित्ता पकडून त्याला शिकवीत आणि दरबारांना पुरवीत. म्हणजे राजदरबारी ज्यांच्या हुन्नराला मान होता त्यांचाच हुन्नर जंगलाच्या कायद्यात नाव घेऊन गुन्हा ठरला. कारण फासा आणि सापळा हे शब्द तेथे आहेतच. त्यात गुन्हेगार जमातींच्या कायद्याची भर पडली. तो १८७१ साली झाला, १९११ साली सर्व देशाला लागू करता येईल असा करण्यात आला, आणि पारधी त्याच्या कक्षेत आले. ज्याला गाव सोडण्यापूर्वी हजेरी द्यावी लागते त्याने रानात पाय ठेवण्याची परवानगी मागणे ही कल्पनाच पोकळ होती. हा कायदा १९५२ साली रद्द झाला. फाशावरची बंदी मात्र कायम राहिली.

तिसरे बंधन हंगामाचे. १८८७ च्या विसाव्या अधिनियमाने नगरपालिका व छावण्या यांच्या हद्दीत विणीच्या काळात पक्षी बाळगण्यास व विकण्यास बंदी करण्याचे अधिकार दिले. हा कायदा बाजारापुरता होता, रानात त्याचा हात पोचत नव्हता. १९०२ साली पिसांच्या निर्यातीवर बंदी आली. बगळ्यांची पिसे विलायती टोप्यांसाठी जात असत. त्यानंतर १९१२ चा आठवा अधिनियम झाला. त्याच्या परिशिष्टात माळढोक, बदके, तितर, लावे, मोर, बगळे, खंड्या इत्यादी पक्षी आणि हरणे, काळवीट वर्गातील प्राणी, गवे, रानम्हशी, ससे, गेंडे इत्यादी जनावरे आहेत. बंदीच्या हंगामात ही मारणे, विकणे, विकत घेणे हा गुन्हा. पहिल्या खेपेस दंड पन्नास रुपयांपर्यंत. आत्मसंरक्षण व मालमत्तेचे संरक्षण यांना सूट होती. या यादीत वाघ नाही, बिबळ्या नाही, चित्ताही नाही. हिंस्र श्वापद हे संरक्षणाच्या कल्पनेत अद्याप शिरलेच नव्हते. चित्त्याचा शेवट लवकरच आला. १९४७ साली कोरिया संस्थानच्या राजाने तीन चित्ते मारल्याची नोंद आहे आणि १९५२ साली तो भारतातून नष्ट झाल्याचे जाहीर करण्यात आले. त्याच्या शिकारीला परिशिष्टाने कधी हरकत घेतली नव्हती.

स्वातंत्र्यानंतर मुंबई राज्याने १९५१ साली वन्य प्राणी व वन्य पक्षी संरक्षणाचा जो अधिनियम केला तो या क्षेत्रातील महत्त्वाचा टप्पा होय. त्याच्या घडणीत मुंबईच्या नॅचरल हिस्टरी सोसायटीचा, विशेषतः तिचे मानद चिटणीस हुमायून अब्दुलाली यांचा वाटा मोठा होता. ही सोसायटी १८८३ साली आठ गृहस्थांनी स्थापिली; त्यांत डॉ. आत्माराम पांडुरंग व डॉ. सखाराम अर्जुन हे दोन हिंदी होते. तिच्या आरंभीच्या सभासदांत बंदूक हाती धरणारे पुष्कळ, आणि अब्दुलाली स्वतःही उत्तम शिकारी. शिकाऱ्यांनीच शिकारीवर निर्बंध मागावेत हे वरवर विसंगत भासते. पण रानात वारंवार जाणारालाच जनावरे कमी होत चालल्याचे प्रथम कळते, हेही खरे. राज्यघटनेने वन्य प्राणी व पक्षी यांचे संरक्षण हा विषय राज्यसूचीत, विसाव्या क्रमांकावर, ठेवला होता. म्हणून शिकारीचा परवाना या काळात खऱ्या अर्थाने राज्याचा परवाना झाला. निजामाच्या राज्यातील मराठवाडा व मध्य प्रदेशातील विदर्भ हे भाग १९५६ साली मुंबई राज्यात आले तेव्हा आपापल्या वेगळ्या वहिवाटी घेऊनच आले. कोल्हापूरच्या छत्रपतींच्या शिकारीचे दाजीपूरचे रान १९५८ साली गव्यांचे अभयारण्य झाले.

१९५९ च्या हत्यारांच्या अधिनियमात जुनी उतरंड नव्या भाषेत पुन्हा भेटते. त्याच्या तेराव्या कलमाप्रमाणे संरक्षणासाठी किंवा शिकारीसाठी किमान वीस इंच नळीची छऱ्याची बंदूक, आणि पिकांच्या प्रामाणिक राखणीसाठी ठासणीची बंदूक, यांचा परवाना नागरिकास द्यावा असे आहे. ठासणीची बंदूक अपुरी आहे असे अधिकाऱ्याला पटले तरच शेतकऱ्याला दुसरी मिळावयाची.

१९६९ साली दिल्लीत आंतरराष्ट्रीय निसर्गसंरक्षण संघाची सभा भरली आणि पुढच्याच वर्षी वाघाच्या शिकारीवर देशभर बंदी आली. १९७२ च्या गणनेत वाघांची संख्या १८२७ भरली. त्याच वर्षी संसदेने वन्य जीव (संरक्षण) अधिनियम केला. विषय राज्यसूचीतील असल्यामुळे अकरा राज्यांच्या विधिमंडळांनी ठराव करून संसदेला तो अधिकार द्यावा लागला; महाराष्ट्राने हा अधिनियम १९७३ साली स्वीकारला. १९७६ च्या बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने हा विषय समवर्ती सूचीत गेला.

परवाना कसा मिळवावा, हे या अधिनियमाइतके स्पष्टपणे पूर्वीच्या कोणत्याही कायद्याने सांगितले नव्हते. अर्ज मुख्य वन्य जीव रक्षकाकडे किंवा त्याने नेमलेल्या अधिकाऱ्याकडे शुल्कासह करावयाचा. परवाने चार प्रकारचे : विशेष शिकारीचा, मोठ्या शिकारीचा, लहान शिकारीचा, आणि वन्य प्राणी सापळ्याने पकडण्याचा. पहिले तीन अनुक्रमे दुसऱ्या, तिसऱ्या व चौथ्या अनुसूचीतील जनावरांसाठी. पहिल्या अनुसूचीतील प्राणी कोणालाही मारता येत नसत, आणि पाचवीतील उपद्रवी प्राण्यांना परवाना लागत नसे. परवानाधारकाने मारलेल्या व पकडलेल्या जनावरांची नोंद ठेवून मुदत संपल्यावर ती परवान्यासह परत करावयाची होती. पिले व माद्या मारण्यास मनाई होती.

सतरावे कलम तर शिकारीच्या शिष्टाचाराची संहिताच होते. मोटारीतून शिकार करू नये. सूर्यास्तानंतर करू नये. पाणवठ्यावर व चाटणीवर दबा धरू नये. आग लावून रान उठवू नये. विष, जाळी, खड्डे, फासे वापरू नयेत. मोठे जनावर रायफलीनेच मारावे. यांतील बहुतेक नियम शहाणपणाचे आहेत. मोटारीच्या दिव्यांत दिपलेल्या चितळावर गोळी झाडण्याची जी साथ युद्धोत्तर काळात पसरली होती तिला आवर घालणे अवश्यच होते. परंतु या नियमांची यादी पुढे ठेवून पाहिली असता असे आढळते की रायफलीचे नाव घेऊन तिला मान दिला आहे आणि फाशाचे नाव घेऊन तो वर्ज्य केला आहे. सापळ्याच्या परवान्याने फाशाला एक वाट ठेवली होती हे खरे. तथापि शुल्क, नोंदवही आणि कचेरीतील हेलपाटे यांतून ती वाट पारध्याच्या पालापर्यंत पोचणारी नव्हती. आदिवासींच्या वहिवाटीच्या शिकारीला या अधिनियमात एकच अपवाद आहे, पासष्टाव्या कलमाचा. आणि तो निकोबार बेटांतील अनुसूचित जमातींपुरता आहे. सह्याद्रीतील कातकऱ्याला किंवा सातपुड्यातील भिल्लाला तो लागू नाही.

१९९१ च्या दुरुस्तीने नवव्या कलमाचे रूप बदलले आणि तेरा ते सतरा ही कलमे गाळली. क्रीडेसाठी शिकार करणारा मनुष्य कायद्यातून नाहीसा झाला. शिक्षण, संशोधन व शास्त्रीय व्यवस्थापन यांसाठी बारावे कलम राहिले. माणसाच्या जिवाला किंवा उभ्या पिकासह मालमत्तेला धोका झाल्यास लेखी व सकारण आज्ञेने शिकारीची परवानगी देणारे अकरावे कलमही राहिले. २०२२ च्या दुरुस्तीने, जी १ एप्रिल २०२३ पासून अंमलात आली, अनुसूचींची फेरमांडणी झाली व उपद्रवी प्राण्यांची वेगळी अनुसूची गेली. अकराव्या कलमाची वाट तशीच आहे.

त्या वाटेने आज अर्ज करणारा मनुष्य बहुधा शेतकरी असतो. विदर्भात रोही आणि रानडुकरे सोयाबीनच्या व तुरीच्या शेतात उतरतात. कोकणात माकडे व डुकरे बागा आणि भात नासवतात. अशा शेतकऱ्याजवळ पीकसंरक्षणाच्या परवान्याची ठासणीची बंदूक असते, काही घरांत ती आजोबांच्या नावावरून चालत आलेली. बंदूक बाळगण्याचा कागद जिल्हा दंडाधिकाऱ्याचा. ती डुकरावर रोखण्याचा कागद वन खात्याचा. दोन्ही मिळून गोळी सुटली आणि डुक्कर पडले, तर एकोणचाळिसाव्या कलमाप्रमाणे ते राज्य सरकारची मालमत्ता होते, आणि त्याची विल्हेवाट लावण्यास वनपालाची वाट पाहावी लागते.